उसना गोलंदाज

मोमिनाबादच्या बाजारात कुणी "इमाम!" अशी हाक मारली की सटवाजीमामा वळून बघत. "अमृतराव!" म्हटलं तरी वळत. मात्र मागून कुणी "सटवाजीमामा" म्हणून ओरडलं, तर ते तसेच पुढं चालत राहत. दोन-तीनदा ओरडावं लागे. मग थांबत, मान वळवत आणि जरा ओशाळून म्हणत, "मला व्हय? आवं, मला वाटलं दुसऱ्या कुणाला."

लोक म्हणत, म्हाताऱ्याला ऐकू कमी येतं. मीही काही दिवस तसंच समजत होतो. पण मैदानाच्या दुसऱ्या टोकाला चेंडू बॅटीच्या कडेला लागला की मधोमध, हे ते पाठ करून बसलेले असतानाही सांगत. त्यांच्या कानांत काही दोष नव्हता.

मी त्या गावात मास्तर म्हणून गेलो तेव्हा नुकताच हैदराबादेतून बी.ए. होऊन आलो होतो. आमचं घर युसूफ वडगावचं. माझ्याआधी घरात कुणी पाटीला हात लावलेला नव्हता. बी.ए. म्हणजे काय असं आईनं विचारलं होतं आणि मला ते तिला नीट सांगता आलं नव्हतं. शाळेत शिकवणं उर्दूतून चाले. माझं उर्दू पुस्तकातलं. बोलायला लागलो की मास्तरांच्या खोलीत सगळे मिशीत हसत. संध्याकाळी मी कुणात न मिसळता शाळेच्या मैदानाकडं जाऊन बसायचो. माझी भाड्याची खोली मैदानाच्या मागंच होती आणि खोलीला लागून पत्र्याची एक शेड होती. त्या शेडमध्ये खेळपट्टी दाबायचा लोखंडी रोळ, पाण्याच्या घागरी, स्टंपा आणि सटवाजीमामा राहत. मामा मैदानाचे राखणदार होते.

अंगानं उंच, सुकलेले. उजवा खांदा डाव्यापेक्षा दोन बोटं खाली आलेला. उजव्या हाताच्या पहिल्या दोन बोटांना घट्टे होते, आणि विचारात असले की ते अंगठ्यानं ते घट्टे घासत. कुठलीही वस्तू ते हातात देत नसत, टाकत. पहिल्याच दिवशी खोलीची किल्ली त्यांच्याकडून घ्यायची होती. ते लांब रोळापाशी उभे होते. "मास्तर, हात म्होरं धरा," म्हणाले. मी धरला. किल्ली तळहातावर येऊन पडली.

मी खूश होऊन म्हणालो, "झेलली की!"

"तुमी कुठं झेलली? मी तुमच्या हातावर टाकली."

पुढं कांदा, लिंबू, काड्याची पेटी, सगळं असंच येत गेलं. माझा हात कधी हलवावा लागला नाही.

एकट्या माणसाला एकटा माणूस लवकर ओळखू येतो. मला ताप आला तेव्हा चार दिवस त्यांनी ज्वारीची कण्हेरी करून आणली. तेवढी वाटी मात्र हातात दिली. फार बोलत नसत. पण हातात काम असलं, चेंडूचं उसवलेलं कातडं शिवायचं असलं किंवा चटई विणायची असली, की बोलणं आपोआप निघे. त्यांची सगळी हकीकत मला अशी तुकड्या-तुकड्यांनी कळली.

मामा घाटनांदूरच्या धनगराच्या घरचे. लहानपणापासून मेंढरं राखायची. मेंढरं कुणाच्या पिकाकडं वळली की ते धोंडा टाकून त्यांना फिरवत. त्यातली खुबी त्यांनी मला एकदा सांगितली. "मेंढराला मारायचं न्हाई, मास्तर. मेंढराच्या म्होरं मारायचं. त्येच्या नाकाम्होरं वीतभर. मंग ते आपसूक फिरतंय."

तेव्हा मोमिनाबादेत रिसाल्याची, म्हणजे घोडदळाची, छावणी होती. एक गोरा अंमलदार घोड्यावरून चालला होता. त्यानं पाहिलं की या पोरसवदा धनगराचा धोंडा दर वेळी एकाच अंतरावर पडतोय. तो खाली उतरला, आपली टोपी लांब जमिनीवर ठेवली आणि खुणेनं म्हणाला, हिच्यावर मार.

"मी म्हनलं, टोपीवर कावून? टोपी काय पळून चाललीया?"

"मग मारला का?"

"म्होरं टाकला. वीतभर. सवयच तशी. सायबाला वाटलं चुकला. परत म्हनला मार. परत तितंच. तिसऱ्या येळेला तो हसाया लागला."

असे ते छावणीत गेले. क्रिकेटमध्ये कोपर वाकवून चेंडू फेकता येत नाही, हात सरळ ठेवून टाकावा लागतो. धोंडे फेकणाऱ्या हाताला हे कुठलं जमायला? मामांनी कोपराला बांबूच्या दोन कामट्या पटक्याच्या चिंध्यांनी बांधल्या आणि तीन महिने त्या तशाच ठेवल्या. जेवण डाव्या हातानं. आई म्हणे, "हात मोडला काय रं?" ते म्हणत, "न्हाई, सरळ व्हतोय."

हात सरळ झाला आणि असा झाला की दहा-दहा मुक्कामांवरून त्यांना बोलावणी येऊ लागली. पण इथंच एक अडचण होती. ती आजच्या वाचकाला नीट सांगितली पाहिजे, कारण मामांचं सगळं आयुष्य तिच्यात अडकलं. त्या काळी निजामाच्या मुलखात सामने होत ते आपापल्या माणसांचे. रिसाल्याच्या संघात रिसाल्याच्या हजेरीवरचेच स्वार. जहागीरदाराच्या संघात त्याच्या घरचे आणि पदरचे. कचेरीच्या संघात कारकून. मामा यांपैकी कुणाचेच नव्हते. म्हणून ज्याला ते हवे असत, तो त्यांना आपल्यातल्या कुणाचं तरी नाव देई. सामन्याच्या आदल्या दिवशी टांगा नाहीतर घोडा येई आणि आलेला माणूस सांगे, "उद्या तू शेख इमाम." किंवा, "उद्या तू जहागीरदारांचा भाचा."

"तुम्हाला काही वाटायचं नाही?"

"काय वाटायचं? त्यास्नी बोलर पायजे व्हता, मला बाल टाकायचा व्हता."

पंधरा-सोळा वर्षं ते असे गावोगाव उसने गेले. बोटांवर मोजून त्यांनी मला नऊ नावं सांगितली. त्या नावांनी त्यांनी किती विकेटा घेतल्या याचा हिशोब कुणाकडं नाही. एका सामन्यात सात गडी बाद केले म्हणून चांदीचा पेला मिळाला. तो अर्थातच शेख इमामला. खरा शेख इमाम त्या वेळी पागेत घोड्याला खरारा करत होता. त्याला बोलावून, अंगरखा घालून पेला त्याच्या हातात दिला.

"लई भला मानूस," मामा म्हणाले. "सांजच्याला मला पागेत बोलावलं अन् त्याच पेल्यातून च्या पाजला. म्हनला, 'पी बे इमाम, तेरा ही है.'"

जहागीरदाराची गोष्ट मात्र ते स्वतःच हसत सांगत. सामना जिंकला म्हणून जहागीरदारांनी पंगत घातली. भाचे अमृतराव म्हणून मामांना मंदील बांधून पहिल्या पाटावर बसवलं. शेजारी एक पाहुणे बसले होते. त्यांनी गाव विचारलं, शिक्षण विचारलं, आणि जिलबी वाढली जात असताना म्हणाले, "आमची एक पुतणी आहे, अमृतराव. पाहून घ्या एकदा."

"मंग?"

"मंग काय? तोंडात जिलबी. मी म्हनलं, मामासायबांस्नी इचारा. मामासायब तिकडं ठसका लागून लाल!" मामा खूप हसले. हसणं ओसरल्यावर सुईत दोरा ओवत म्हणाले, "परत येताना घोड्यावर मी वाटभर त्या पोरीचाच इचार करत आलो. तिचं नाव मला ठावं न्हवतं, अन् माझं तिला."

त्यांचं लग्न झालंच नाही. कधी इथं, कधी तिथं. पोरगी देणाऱ्यानं येऊन चौकशी तरी कुणाची करायची?

आईची हकीकत त्यांनी मला एकदाच सांगितली. एका रविवारी दुपारी. मीच विचारलं होतं की मामा, इतकं चांगलं चाललं असताना खेळ सोडला का? ते बराच वेळ बोटांचे घट्टे घासत राहिले.

सात दिवसांच्या वाटेवरच्या एका छावणीत ते तेव्हा महिना-दोन महिने राहिले होते. तिथं त्यांना सगळे शेख इमाम म्हणत. इकडं आईनं अंथरूण धरलं. थोरला भाऊ, त्याला ते दादा म्हणत, त्यांना आणायला निघाला. कधी पायी, कधी कुणाच्या गाडीत बसून, विचारत विचारत छावणीच्या फाटकाशी पोचला. पहारेकऱ्याला म्हणाला, घाटनांदूरचा सटवाजी, धनगराचा, चेंडू टाकतो, त्याला बोलवा. पहारेकऱ्यानं आत विचारून घेतलं. चेंडू टाकणारा शेख इमाम आहे म्हणाले. सटवाजी म्हणून कुणी नाही.

"दादा दोन दिस फाटकाशी बसला. मी भिंतीच्या आत, हितनं त्या लिंबापत्तूर असंल तेवढ्यावर, बाल टाकत होतो. त्येला आवाज येत असंल. मला काय ठावं?"

तिसऱ्या दिवशी दादा परत फिरला. घरी पोचला तेव्हा मातीला चार दिवस झाले होते.

"आईपाशी एकबी लेक न्हवता," मामा म्हणाले. "एक मला हुडकाया गेलता. अन् मी दुसराच कुनी व्हतो."

पुढं महिन्याभरानं ते गावी गेले तेव्हा त्यांना कळलं. दादा ओट्यावर दोर वळत बसला होता. त्यानं वर पाहिलं नाही. एवढंच बोलला, "सटवाजी म्हनून कुनी न्हाई, असं सांगितलं मला. न्हाई तर न्हाईच." त्यानंतर दादा त्यांच्याशी बोलला नाही. मरेपर्यंत.

खेळ मामांनी त्यानंतरही सोडला नव्हता. बोलावणं आलं की ते विचारत, "नाव कुनाचं?" दुसऱ्याचं नाव सांगितलं की म्हणत, "माझं लावा. सटवाजी बिराजी. मंग येतो." टांगेवाले हसत. एकजण म्हणाला, "अबे, नाव काय खायचंय का?" दोन हंगाम टांगे येत राहिले, रिकामे जात राहिले. मग यायचे थांबले. तेव्हा त्यांचं वय पस्तिशीचं होतं आणि हात अगदी भरात होता. मग ते मोमिनाबादच्या छावणीचं मैदान राखू लागले. पुढं छावणी उठून गेली, मैदान शाळेच्या वाट्याला आलं, आणि मैदानाबरोबर मामाही आले.

हे सारं ऐकून झालं. मी म्हणालो, "मामा, फार वाईट झालं." ते म्हणाले, "तिकडनं तो दोऱ्याचा रीळ टाका."

वर्गात माझी अवस्था त्या वेळी कठीण होती. पोरं गडबड करत आणि मी छडी चालवत असे. एकदा मामांनी खिडकीतून ते पाहिलं असावं. संध्याकाळी लिंबू माझ्या हातावर टाकत म्हणाले, "मास्तर, पोराला कावून मारता? पोराच्या म्होरं मारा की." मला ते लगेच कळलं नाही. कळलं तेव्हापासून मी छडी ठेवून दिली. पोरगं चुकीकडं निघालं की त्याच्यापुढं वीतभर एखादा प्रश्न टाकायचा. ते आपोआप वळतं. पुढं तीस वर्षं मी शिकवलं ते याच एका गोष्टीवर. माझ्या गुरुजनांची नावं घेताना मी मामांचं नाव त्यांच्या रांगेत घेतो, आणि त्यात मला काही चुकीचं वाटत नाही.

आता त्या सामन्याविषयी सांगतो. ते सांगताना मला आजही अवघड वाटतं.

बाहेरगावच्या एका कचेरीचा संघ आमच्या शाळेशी खेळायला येणार होता. आमच्याकडून मास्तर, नोकर आणि वरच्या वर्गातली पोरं मिळून अकरा. यादी मी लिहिली होती, सामन्याची वहीही मीच ठेवणार होतो. सकाळीच आमच्या ड्रिलमास्तरांचा पाय मुरगळला. हेडमास्तर म्हणाले, "सटवाजी को खिला लो. नाम ड्रिलमास्टर का ही रहने दो, फ़ेहरिस्त जा चुकी है."

यादी पाहुण्यांकडं पोचली होती. मी शेडकडं गेलो. मामा घागरीनं खेळपट्टीवर पाणी शिंपून नुकतेच आले होते. मी सांगितलं. त्यांनी घागर खाली ठेवली.

"नाव कुनाचं?"

"तुमचं," मी म्हणालो. हेडमास्तरांना न विचारताच म्हणालो.

ते माझ्याकडं बघत राहिले. "नुसतं सटवाजी नगा लिवू. सटवाजी बिराजी. राहनार घाटनांदूर."

"गावासाठी वहीत जागा नसते, मामा."

"करा की थोडी."

मी हेडमास्तरांकडं परत गेलो आणि आयुष्यात पहिल्यांदा वरिष्ठांशी वाद घातला. माझं उर्दू दोनदा अडखळलं. शेवटी ते कंटाळून म्हणाले, "ठीक है, बी.ए. साहब, लिखिए." पाहुण्यांचा कप्तान तर हसून म्हणाला, "बूढ़े को जो चाहे नाम दे दो, हमें क्या!" मी वहीत ड्रिलमास्तरांच्या नावावर रेघ मारली आणि समासात बारीक अक्षरात गावासकट सगळं लिहिलं.

मामांचं वय तेव्हा पन्नाशीच्या पुढं. धोतराचा काचा मारून ते आले. पहिली ओव्हर अशी पडली की सहाही चेंडूंचे डाग एका ताटाखाली झाकले गेले असते. शेवटचा चेंडू स्टंपेला बोटभर चुकून गेला. पोरांनी टाळ्या वाजवल्या. दुसरीही तशीच. तिसऱ्या ओव्हरपासून खांदा खाली यायला लागला. चेंडू पडायचा तिथंच, पण वेग गेला होता, आणि पुढं एक तरणा कारकून होता. त्याला कळलं की चेंडू कुठं पडणार. तो दोन पावलं पुढं यायचा आणि उचलून मारायचा. एकदा चेंडू शेडच्या पत्र्यावर जाऊन आदळला. लोक ओरडले, "ए म्हाताऱ्या, जा, मेंढरं राख बे!" आमची पोरंसुद्धा हसली.

आमचे कप्तान मामांना थांबवायला गेले. मामा "अजून एक" म्हणाले. तसं ते दर ओव्हरला म्हणत राहिले. दर चेंडूनंतर हात धोतराला पुसून ते पुन्हा मागं जात.

मी टेबलाशी बसून हे लिहीत होतो. ते बारीक अक्षरातलं नाव आणि त्याच्यापुढं चढत चाललेले आकडे मला बघवेनात. मनात आलं, सोळा वर्षं दुसऱ्यांच्या नावावर विकेटा घेतल्या, आणि स्वतःच्या नावावर हे? ही वही शाळेत राहणार, लोक बघणार. मी मामांच्या नावापुढं पहिल्या दोन ओव्हर ठेवल्या, तीन रन. खाली ड्रिलमास्तरांचं नाव पुन्हा लिहिलं आणि बाकीचा सगळा मार त्यांच्या नावावर टाकला. खरं सांगतो, आपण एक चांगलं काम केलं असंच मला वाटत होतं.

आम्ही हरलो. पाहुणे मांडवात फराळाला बसले. मामा तिकडं न जाता माझ्या टेबलाशी आले. घामानं भिजलेले, उजवा हात डाव्या हातानं धरलेला. त्यांना वाचता येत नव्हतं.

"माझं कुठं हाय?"

मी बोट ठेवलं.

"वाचा."

"सटवाजी बिराजी, राहणार घाटनांदूर. दोन ओव्हर, तीन रन."

त्यांनी बोटांवर मोजलं. मग म्हणाले, "मी नऊ टाकल्या."

मी टाक खाली ठेवला.

"बाकीच्या सात?"

"त्या ड्रिलमास्तरांच्या नावावर लिहिल्या, मामा."

"कावून?"

"मार फार पडला म्हणून. तुमच्या नावाला… लोक हसतील म्हणून."

"ड्रिलमास्तर तर खाटंवर हायती." ते माझ्याकडं बघत होते. रागावले असते तर बरं झालं असतं. "मंग मास्तर, सात ओव्हर हितं व्हतं कोन?"

 मांडवातून हसण्याचा आवाज येत होता. मामांनी वहीवर हात ठेवला, हलकेच, जसा आजारी माणसाच्या कपाळावर ठेवतात तसा.

"मार माझा हाय. माझ्या नावावर लिवा."

मी ड्रिलमास्तरांच्या नावावर पुन्हा रेघ मारली. आकडे वर घेतले.  एक आकडा चुकला, तो खोडून परत लिहिला. मामा तोवर टेबलाच्या कडेला उभे राहून टाकाच्या टोकाकडं बघत होते. लिहून झाल्यावर म्हणाले, "आता वाचा."

"सटवाजी बिराजी, राहणार घाटनांदूर. नऊ ओव्हर, एकसष्ट रन. विकेट नाही."

"परत एकदा."

मी परत वाचलं. शाई वाळेपर्यंत ते थांबले. मग मान हलवली आणि मैदानात गेले.

त्यानंतर आठवड्यातच माझी बदली झाली. हुकूम आला त्या दिवशी मामा बाहेरगावी काथ्या आणायला गेले होते, त्यामुळं निघताना भेट झाली नाही. दोन वर्षांनी ते गेल्याचं मला पत्रातून कळलं. मनात त्यांचं जे शेवटचं रूप आहे ते त्या संध्याकाळचंच. पाहुण्यांच्या गाड्या निघून गेल्या होत्या. मैदानात कुणी नव्हतं. नऊ ओव्हर टाकून टाकून त्यांच्या पुढच्या पायानं खेळपट्टीच्या टोकाला चांगला वाटीएवढा खड्डा पडला होता. मामा त्याच्याशी उकिडवे बसले होते. डाव्या हातानं माती घालत होते, घागरीतलं पाणी सोडत होते आणि टाचेनं दाबून दाबून जमीन पहिल्यासारखी करत होते.